तिथीची पाऊणपट आणि पिवळी पानं : शिडाच्या होडीतून मुंबई ते आग्वाद

लाज वाटणारी गोष्ट आधीच सांगून टाकतो. १२ डिसेंबर २०२४ च्या पहाटे जयगडच्या समोर कुठेतरी असताना, आमच्या गणिताप्रमाणे आमची होडी दक्षिण मेक्सिकोतल्या जंगलात होती.

आम्ही तिघं. होडी मित्राची, अठ्ठावीस फुटी, एक डोलकाठी, पोटात छोटं डिझेल इंजिन. बेत असा की मुंबई ते गोवा जायचं ते नाविक पंचांग (सूर्य-चंद्र-तारे कधी कुठे असतील याचे तक्ते), सेक्स्टंट (क्षितिजापासून त्यांची उंची अंशांत मोजायचं उपकरण) आणि घड्याळ यांच्या भरवशावर. जीपीएस चालू ठेवायचा, पण टॉवेलखाली झाकून, आणि टॉवेल फक्त तिसऱ्याने उचलायचा. हा तिसरा गडी फार महत्त्वाचा. गणित करणारा स्वतःच डोकावत राहिला तर आकडे हळूहळू हवे तसे येऊ लागतात.

निघालो ११ तारखेला, मार्गशीर्ष शुद्ध एकादशीला. कोकणातला जुना हिशेब माहीत असेलच: तिथीची पाऊणपट केली की भरतीची वेळ. अकराची पाऊणपट सव्वाआठ. सव्वाआठला पाणी भरलं आणि उतरत्या पाण्याबरोबर आम्ही बंदराबाहेर पडलो. दुपारी वायव्येचा वारा चांगला लागला, रात्री मतलई, म्हणजे जमिनीकडून येणारा वारा. डिसेंबर ते फेब्रुवारी हाच काळ या प्रवासाला योग्य, कारण वारा दिवसातून दोनदा दिशा बदलतो आणि दोन्ही वेळा दक्षिणेला जायला चालतो. परतीला दुपारचा वारा नाकावर येतो, म्हणून येताना इंजिनसाठी जास्त डिझेल धरा.

आता पहाटेच्या मेक्सिकोबद्दल. नाविक पंचांगातले सगळे आकडे ग्रीनिचच्या वेळेचे असतात. आपल्या घड्याळातून साडेपाच तास वजा करायचे. पहाटे ६ वाजून १४ मिनिटांनी मी स्वाती ताऱ्याची उंची घेतली, म्हणजे ग्रीनिचला ० वाजून ४४ मिनिटं. झोपेत असलेल्या डोक्याने मी साडेपाच मिळवले. अकरा तासांचा फरक, म्हणजे आकाश १६५ अंश फिरलं. रेखांश आला ९२ पश्चिम. ही चूक दिसली, हसलो, सुधारली. पण त्याच वेळेवर ध्रुवताऱ्याचंही गणित केलं होतं आणि तिथे अक्षांश फक्त अर्ध्या अंशाने, म्हणजे तीसेक सागरी मैलांनी चुकला होता. तो कोणाच्याच नजरेत आला नाही, कारण उत्तर पटण्यासारखं होतं. ध्रुवतारा नेमका उत्तर ध्रुवाच्या डोक्यावर नाही, अर्ध्या अंशाहून जास्त सरकलेला आहे. त्याची दुरुस्ती वेळेवरून काढतात. वेळ चुकली की दुरुस्ती उलट्या बाजूला जाते. मला या प्रवासात खरी भीती वाटली ती या चुकीची, मेक्सिकोची नाही.

म्हणून घड्याळाबद्दल दोन शब्द. एक घड्याळ कायमचं ग्रीनिचच्या वेळेवर लावून पट्टीने फळीला बांधून टाका. आम्ही दुसऱ्या दिवशी तेच केलं. किनाऱ्याजवळ मोबाईलची रेंज असते तेव्हा रोज एकदा सेकंद ताडून वहीत लिहा. चार सेकंदांची चूक म्हणजे रेखांशात एक कला (अंशाचा साठावा भाग), आपल्या कोकणात पावणेदोन किलोमीटर. आणि उंची घेणारा ‘आता!’ म्हणेल तेव्हा लिहिणाऱ्याने सेकंद आधी लिहावेत, मग मिनिटं, मग तास. आमचा लिहिणारा पहिल्या दिवशी तासापासून सुरुवात करत होता.

नवशिक्याने ताऱ्यांच्या नादी न लागता दुपारच्या सूर्यापासून सुरुवात करावी. १२ तारखेचंच उदाहरण देतो. पंचांग उघडलं की समोरासमोरच्या दोन पानांवर तीन दिवसांचे आकडे असतात. तिथे सूर्य सर्वांत उंच येण्याची वेळ ११:५४ होती. आम्ही ७३ पूर्व रेखांशाजवळ, म्हणजे ग्रीनिचच्या ४ तास ५२ मिनिटं पुढे. ती वजा केली की ७:०२, आपल्या घड्याळात १२:३२. सव्वाबारापासूनच सूर्याची खालची कड क्षितिजावर टेकवून बसलो. तो चढतो, चढतो, आणि मग दोनतीन मिनिटं हलतच नाही. तिथे वाचलं ४९ अंश ५० कला.

त्यातून उपकरणाची चूक २ कला वजा. डोळा पाण्यापासून दोन मीटरवर, त्याच्या अडीच कला वजा. वातावरणाने प्रकाश वाकतो आणि आपण सूर्याची कड धरतो, मध्य नाही, त्या दोन्हींसाठी पंचांगाच्या सुरुवातीच्या तक्त्यातून साडेपंधरा कला अधिक. झाले ५० अंश १ कला. नव्वदातून वजा केले, ३९ अंश ५९. सूर्य त्या दिवशी विषुववृत्ताच्या दक्षिणेला २३ अंश ७ कला होता, तेही वजा केले. अक्षांश १६ अंश ५२ कला. तिसऱ्याने टॉवेल उचलला आणि म्हणाला, ‘१६-५५.’ तीन मैलांचा फरक. हलत्या होडीत पहिल्यांदा करणाऱ्याने यावर खूश व्हावं. आम्ही झालो, जेवायला बसलो.

ताऱ्यांसाठी दिवसाचं पान पुरत नाही. तिथे तासातासाचे आकडे असतात. मिनिटं-सेकंदांसाठी मागची पिवळी पानं लागतात, आणि वाऱ्यात ती एकाऐवजी दोन उलटतात. कपडे वाळत घालायचे चिमटे न्या. पंचांगात ५७ निवडक तारे आहेत, नावं परकी, पण आपली मंडळीच: व्याध, अगस्त्य, रोहिणी, मघा, चित्रा, स्वाती, ज्येष्ठा, अभिजित. नक्षत्रं ओळखता येणाऱ्याचं निम्मं काम झालेलं असतं. त्या आठवड्यात संध्याकाळी पश्चिमेला शुक्र आणि पूर्वेला रोहिणीजवळ गुरू होता, त्यामुळे आमची चैन होती.

क्षितिज मात्र सतावतं. डिसेंबरात कोकण किनाऱ्यावर सकाळी धुरकट असतं आणि पूर्वेला सह्याद्रीची काळी रेघ. होडीत बसून क्षितिज जेमतेम तीन मैलांवर असतं, त्यामुळे दहा-पंधरा मैल बाहेर असलात तरी डोंगराची कड क्षितिज समजून बसण्याचा मोह होतो. पहाटे शक्यतो दक्षिणेचे आणि पश्चिमेचे तारे घ्या.

त्याच संध्याकाळी विजयदुर्गला शिरलो. वाघोटण खाडीच्या तोंडाशी एका मासेमारी होडीवरच्या तांडेल काकांनी नांगराची जागा दाखवली आणि चहाला आमच्याकडे आले. ते जाड पंचांग त्यांनी दोन्ही हातांनी उचलून पाहिलं. पानं उलटली. विचारलं, ‘ह्येच्यात तिथी खंय आसा?’

तिथी नाही, म्हटलं. मग पानाच्या कोपऱ्यात चंद्राचं वय असतं ते दाखवलं. त्या दिवशी होतं ११. काका म्हणाले, ‘मगे एक घाल. आज बारस. बाराची पाऊणपट नव. नवाक पाणी भरतला.’ भारतीय सर्वेक्षण विभागाच्या छापील भरती-तक्त्याशी ताडलं, तर फरक अर्ध्या तासाच्या आतबाहेर होता. अचूक आकडा हवा असेल तर तो तक्ताच घ्या. पाऊणपटीतून पाणी किती चढेल हे कळत नाही. उधाणाला मुंबईत पाणी चार मीटरच्या आसपास वरखाली होतं, गोव्यात जेमतेम दोन. मुंबईच्या सवयीने नांगराचा दोर सोडाल तर गोव्यात होडी फार घोळेल.

पंचांग चालू वर्षाचंच विकत घ्या. जुनं फुकट मिळतं म्हणून घेऊ नका. चार वर्षांपूर्वीच्या सूर्यावर थोड्या दुरुस्तीने सराव करता येतो, चंद्र आणि ग्रह मात्र अजिबात जमत नाहीत. उंचीवरून जागा काढायचे संक्षिप्त तक्ते त्याच्या मागेच असतात, किचकट आहेत, पण वेगळं पुस्तक वाचतं. सेक्स्टंट प्लास्टिकचा चालेल, फक्त उन्हात त्याची चूक बदलते, म्हणून दर वेळी तपासा. तटरक्षक दलाला आणि घरी मार्ग कळवा, व्हीएचएफ रेडिओ १६ व्या वाहिनीवर ठेवा.

त्रयोदशीला पावणेदहाच्या भरतीवर विजयदुर्ग सोडलं. रात्री वेंगुर्ल्याच्या खडकांपासून लांबून जा, तिथे पंचांगावर विसंबू नका, टॉवेल काढा. आम्ही काढला. चंद्र जवळजवळ पुरा होता, त्याच्या खाली क्षितिज अगदी स्पष्ट दिसतं, पण ती नुसती उजेडाची कड असते. त्यावर घेतलेली उंची मी वहीत लिहून खोडली. दत्तजयंतीच्या सकाळी आग्वादचा दीपस्तंभ दिसला, आणि त्याच्या अलीकडे जाळ्यांचे बोये, रांगेने, एकावरही दिवा नाही. तिथून पुढे एकाने नाळेवर, होडीच्या पुढच्या टोकाला, उभं राहायचं आणि हाताने डावं-उजवं सांगायचं, एवढंच नौकानयन उरलं होतं.