तिसरी शिट्टी

कर्वेनगरच्या त्या बाईंनी फोनवरच सांगून टाकलं होतं, "मॅडम, सकाळी साडेसातला हिंजवडीची कॅब, रात्री नऊला घरी. रोज अर्धा तास द्या वगैरे म्हणणार असाल तर जमणार नाही." लॅब्रॅडॉर, सव्वा वर्षाचा, नाव मोत्या. तक्रार: कोणाचंही ऐकत नाही, आल्यागेल्याच्या अंगावर उड्या मारतो.

पहिल्या दिवशी मी काही शिकवत नाही. पावणेसातला जाऊन डायनिंगच्या खुर्चीत बसले. बाई एका हाताने डबा भरतायत, दुसऱ्या हातात मोबाइल. तेवढ्यात मोत्या झेपावला. "बस! बस! अरे बस म्हणते ना, पुरे आता!"

मराठी घरांत हा घोळ फार. खाली बस, की बस झालं? कुत्र्याने ओळखायचं कसं? हा शब्द त्याच्या कानावर पडतो तो नेमका उडीत असताना. म्हणजे त्याच्या लेखी 'बस' हा उडीचाच भाग.

मग कुकरची तिसरी शिट्टी झाली. मोत्या उडी अर्धवट सोडून धावला आणि स्वयंपाकघराच्या उंबऱ्याबाहेर ढुंगण टेकून गप्प बसला. सासूबाईंनी गॅस बंद केला, "टेक" म्हणत गाजराचा तुकडा त्याच्या तोंडात दिला आणि पोळ्या लाटायला घेतल्या.

"आजी, हे कधीपासून?"

"अगं, कोशिंबिरीचं चिरायला घेतलं की पायात यायचा. बसला तर देते, नाही बसला तर नाही. त्यात काय!"

मी या 'त्यात काय'चेच पैसे घेते. पावलॉव्ह या रशियन शास्त्रज्ञाला १९०४ साली नोबेल मिळालं ते खरं तर पचनाच्या अभ्यासासाठी. घंटी वाजली की आता खाणं येणार म्हणून कुत्र्याला लाळ सुटते, ती घंटीची गोष्ट त्याच कुत्र्यांच्या लाळेतून निघाली. इथे घंटीच्या जागी कुकर होता.

वेगळा वेळ काढायचा प्रश्नच उरला नाही. 'बस' बाद, सगळ्यांनी आजींचा 'टेक' घ्यायचा. सकाळच्या खाण्यातलंच मूठभर काढून चपलांच्या कपाटावर डबीत ठेवायचं. वरून जास्तीचं नाही, लॅब फुगायला वेळ लागत नाही. बुटाची लेस बांधताना एक 'टेक', लिफ्ट येईपर्यंत दोन-तीन. बूड टेकलं की दुसऱ्या सेकंदाला दाणा. डबी शोधण्यात वेळ गेला तर तो उठलेला असतो आणि उठण्याचं बक्षीस मिळतं. रात्री दारात उडी मारली की बोलायचं नाही, बघायचंही नाही. चारही पाय जमिनीवर आले की मग लाड. आधी उड्या वाढतील, हेही सांगून ठेवलं. वाढल्याच. चौथ्या दिवशी बाईंचा वैतागून फोन आला, ओढणी फाटली म्हणून.

तीन आठवड्यांनी गेले तेव्हा लिफ्टपाशी छान बसत होता. रात्रीचं मात्र अजून डळमळीत आहे, कारण साहेब घरी आले की स्वतःच मांडी थोपटून त्याला अंगावर घेतात. त्यांच्याशी बोलायचं काम आजींनी घेतलंय.