आधी तिचं काम

काल जेवताना मी रुआन लिंगयू या जुन्या चिनी नटीबद्दल सांगत होते, तर रेणूने विचारलं, "पण ती गेली कशी?" प्रश्न साधाच. तरी मला तो इतका का लागला, ते रात्रभर कळेना.

मी तिला 'द गॉडेस'मधला शाळेतला प्रसंग सांगत होते. १९३४ सालचा मूकपट. शांघायच्या रस्त्यावर शरीर विकून मुलाला शिकवणारी आई. शाळेच्या कार्यक्रमात मुलगा गाणं म्हणतोय, आई कौतुकाने बघतेय, आणि आजूबाजूचे पालक कुजबुजायला लागतात. आईच्या भूमिकेतल्या रुआन लिंगयूचे डोळे मुलावर आहेत आणि कान त्या कुजबुजीकडे. मूकपटात ऐकणंसुद्धा दिसू शकतं, हे मला तिथे कळलं. रेणूला तेच सांगायचं होतं. ते राहिलंच.

माझं नेहमी असंच होतं. मी जीव ओतून सांगत असते आणि समोरचा शेवटावर जाऊन पोचलेला असतो.

शेवट कुणाला माहीत नाही? ८ मार्च १९३५. महिला दिन. आत्महत्या. वय २४. आधीचा जोडीदार कोर्टात गेलेला, वर्तमानपत्रं रोज तिच्या खासगी आयुष्याचा चोथा करत होती. लेखक लू शुनने नंतर त्या वर्तमानपत्रांना चांगलंच धारेवर धरलं. तिच्या मृत्यूच्या आदल्याच महिन्यात तिचा 'न्यू विमेन' आला होता, आय शिआ या नटीच्या आत्महत्येवरून सुचलेला. त्यात मरणाच्या दारातली नायिका म्हणते, मला जगायचंय. या योगायोगावर लोकांनी किती लिहिलंय! पण ते वाक्य तिने किती ताकदीने म्हटलंय, त्यावर कोण लिहितं?

मोलकरणीची ही मुलगी. सोळाव्या वर्षी मिंगशिंग या चित्रपट कंपनीत शिरली, पुढे लिआनहुआ या दुसऱ्या कंपनीत गेली आणि जेमतेम नऊ वर्षांत एवढं काम करून ठेवलं. त्यातलं बरंचसं आज उरलेलंही नाही. मला त्याचं रडू येतं. कोर्टकज्ज्याची हकिगत मात्र तपशीलवार शिल्लक आहे.

आज जरा शांत झाल्यावर वाटतंय, रेणूवर कशाला चिडायचं? इतक्या लांबच्या, इतक्या जुन्या बाईपर्यंत पोचायची वाट बहुतेकांना तिच्या मृत्यूपासूनच सापडते. सापडू दे. पुढे कामापर्यंत आले म्हणजे झालं. विचारलं तिने, म्हणजे ऐकत तरी होती.

तिचा १९३१चा 'लव्ह अँड ड्यूटी' कायमचा गेला असंच सगळे धरून चालले होते. त्याची प्रिंट १९९०च्या दशकात थेट उरुग्वेत सापडली. त्यात ती तरुणीपासून थकलेल्या, म्हाताऱ्या आईपर्यंत सगळी वयं जगते, वर त्या आईची मोठी झालेली मुलगीही तीच. तेव्हा ती स्वतः विशीची.

रविवारी रेणूला तोच दाखवणार आहे. सांगून ठेवलंय, पिक्चर पूर्ण होईपर्यंत एकही प्रश्न नाही.