मनाच्या कालप्रवासाला वेगमर्यादा घालताना

दिवाळी अंकासाठी विज्ञानकथा लिहायला घेतली. सहासष्ट वर्षांची एक बाई २०२१ मध्ये डोळे मिटते आणि मनाने १२ जुलै १९६१ च्या पुण्यात पोचते. पानशेत फुटलं तो दिवस. तेव्हा ती सहा वर्षांची, घर नदीकाठच्या पेठेत. पुराच्या लोंढ्यात आईचा हात सुटला, तिथे तिला परत जायचं असतं.

पहिल्या खर्ड्यात ती डोळे मिटताच पोचत होती आणि कथा तिथेच विझत होती. मनाला वेळ लागत नाही हे आपल्या अंगवळणीच पडलंय. मारुतीचा वेग सांगतानाही तो मनाला मागे टाकतो असं म्हणतो. पण काही मोजावंच लागलं नाही, तर त्या बाईच्या ओढीची किंमत कळणार कशी? म्हणून मर्यादा हवी होती.

ती कुठून आणायची, यात बरेच दिवस गेले. प्रकाशाचा वेग आधी सुचला, पण तो अंतराचा हिशेब. १८५० मध्ये हेल्महोल्ट्झ या जर्मन शास्त्रज्ञाने बेडकाच्या मज्जातंतूतून जाणाऱ्या संदेशाचा वेग मोजला, तो सेकंदाला ३० मीटरच्या आसपास भरला. वाचून मी हरखलो, कारण विचार शरीरातूनच धावतो आणि त्याला वेळ लागतो याचा तो पुरावा होता. तरीही तेही मीटरच. मला हवं होतं ते एका वर्षात किती वर्षं ओलांडता येतात, याचं प्रमाण.

ते उंदरांकडे सापडलं. चक्रव्यूहात फिरून आलेला उंदीर झोपतो तेव्हा त्याच्या मेंदूतल्या हिप्पोकॅम्पस या भागातल्या पेशी तीच वाट पुन्हा ‘चालतात’, सुमारे वीसपट वेगाने. धावून थांबल्यावर कधी कधी हीच उजळणी उलट्या क्रमानेही होते. मागे जाणाऱ्या माझ्या बाईसाठी याहून चांगला आधार कुठला! खऱ्या उजळण्या क्षणभराच्या असतात. त्या सलग वर्षानुवर्षं चालतात, ही कल्पना माझी.

मग कागदावर आकडे मांडले. वीसपट वेगाने एक दिवस ७२ मिनिटांत मागे पडतो, एक वर्ष सव्वाअठरा दिवसांत. साठ वर्षांना तीन वर्षं, परतीला आणखी तीन. शरीर आपल्या गतीने म्हातारं होणारच, म्हणजे डोळे उघडेल तेव्हा ती बहात्तरची. आणि सहा वर्षं तिला भरवणार कोण, कूस बदलून देणार कोण? या प्रश्नातून कथेत तिची मुलगी आली. आधीच्या खर्ड्यात ती नव्हतीच. आता मला ती आईपेक्षाही महत्त्वाची वाटते.

भविष्याचं काय, हा पेच शेवटी सुटला. मानसशास्त्रज्ञ एंडेल टल्व्हिंग यांनी अभ्यासलेला के. सी. हा रुग्ण मोटारसायकलच्या अपघातानंतर आयुष्यातला एकही प्रसंग आठवू शकत नव्हता, आणि उद्या काय करशील याचं चित्रही त्याला रंगवता येत नव्हतं. आठवणं आणि पुढचं पाहणं इतकं एकमेकांत गुंतलेलं असेल, तर नियमही एकच. पुढे जातानाही वीसपट.

वाटेतून मागे फिरायची मुभा मात्र ठेवली. १९६१ पर्यंत जायचं की मधूनच वळायचं, हे आई निघण्याआधी मुलीला विचारते. मुलीचं उत्तर लिहून झालं आणि मी कथा अंकाकडे पाठवली.