पाठमोऱ्या शॉटमधली लाइन

हिंदी डबिंगच्या स्क्रिप्ट लिहिणं हे माझं काम, बरीच वर्षं करतेय, तुर्की कोरियन साउथ जे येईल ते. तुर्की भाषेतलं मला ओ का ठो कळत नाही, हातात येते ती इंग्लिश स्क्रिप्ट टाइमकोडसकट आणि समोर व्हिडिओ. हेडफोन लावायचा, ओठ कधी उघडतात कधी मिटतात ते बघायचं, प ब भ म आले की ओठ मिटतात म्हणून ती अक्षरं बरोबर तिथे बसवायची, वाक्य लांबलं तर कापायचं, कमी पडलं तर "देखो", "सुनो" घालून भरायचं. आणि या धंद्यात सगळ्यांना माहीत असलेली एक सोय असते, पात्र पाठमोरं असलं किंवा कॅमेरा दुसऱ्याच्या चेहऱ्यावर असला की ओठ दिसत नाहीत, तिथे तुम्ही त्या पात्राकडून काहीही बोलवून घेऊ शकता. ओरिजिनलमध्ये नसलेलं सुद्धा. आम्ही त्याला एक्स्ट्रा लाइन म्हणतो आणि दर एपिसोडला अशा दोनचार टाकतोच, बहुतेक वेळा त्यात काही वाईट नसतं, "अरे तुम आ गए" वगैरे. पण एकदा अशाच एका लाइनवरून आमच्या स्टुडिओत जो प्रकार झाला तो मला लिहायचाय.

२०१६ च्या सुरुवातीचे दिवस. 'फातमागुल' ही तुर्की सिरियल चालू होती. ज्यांनी बघितली नाही त्यांच्यासाठी थोडक्यात, इझमीरकडच्या चेश्मेजवळ समुद्राकाठचं इल्दीर नावाचं गाव, तिथली मेंढ्या राखणारी गरीब मुलगी, भाऊ-वहिनीकडे राहणारी, लग्न ठरलेलं. एका रात्री ती होणाऱ्या नवऱ्याला भेटायला निघते आणि दारू पिऊन आलेली श्रीमंत घरातली पोरं तिच्यावर बलात्कार करतात. मग पैसेवाली मंडळी सगळं दाबायला निघतात आणि त्या पोरांबरोबर असलेल्या केरीम नावाच्या एका गरीब मुलाशी तिचं लग्न लावून देतात. तिथून पुढे ८० एपिसोड, तुर्कस्तानात २०१० ते २०१२ चाललेली, बेरेन सात हिरॉइन, स्क्रिप्ट एजे योरेन्च आणि मेलेक गेन्चोलू या दोघींची. आपल्याकडे घराघरात बायका बघत होत्या, माझी मावशी मला फोन करून पुढचं विचारायची.

माझ्याकडच्या इंग्लिश स्क्रिप्टच्या पहिल्या पानावर, जिथे कोणी बघत नाही तिथे, एक ओळ होती, वेदात तुर्काली यांच्या कथेवरून. माझे तोवर बरेच एपिसोड लिहून झाले होते आणि तो माणूस कोण हे मला माहीत नव्हतं. त्या आठवड्यात कोर्टातला, जबाबाचा भाग माझ्या वाट्याला आला होता, आदल्या रात्री घरी लिहिता लिहिता सहज नाव शोधलं आणि मग झोपले नाही म्हणा ना.

खरं नाव अब्दुलकादिर पिरहसन. १९१९ चा जन्म, काळ्या समुद्राकाठच्या सामसूनचा. इस्तंबूल युनिव्हर्सिटीत तुर्की साहित्य शिकला आणि मिलिटरी हायस्कुलांमध्ये साहित्य शिकवायला लागला. १९५१ मध्ये तुर्कस्तानात कम्युनिस्टांची मोठी धरपकड झाली त्यात हा पकडला गेला, मिलिटरी कोर्टानं ९ वर्षांची शिक्षा दिली, ७ वर्षं काढून बाहेर आला. आता विचार करा, चाळिशीला टेकलेला माणूस, सरकारी मास्तरकी गेलेली, घरी बायको-मुलं, आणि कपाळावर शिक्का. असा माणूस कुठे जाणार, तर येशिलचामला. म्हणजे इस्तंबूलच्या बेयोलू भागातली एक गल्ली, जिथे सिनेमा कंपन्यांची ऑफिसं होती, आणि त्या गल्लीचंच नाव अख्ख्या इंडस्ट्रीला पडलं. वेदात तुर्काली या नावानं तो तिथे पटकथा लिहायला लागला.

आणि येशिलचाम काय प्रकार होता हे वाचताना मला सारखं आमचंच काम दिसत होतं. सिनेमे आवाजाशिवाय शूट व्हायचे! सेटवर कोणीतरी बाजूला उभं राहून डायलॉग वाचून सांगायचं, नट नुसते ओठ हलवायचे, आणि आवाज सगळा नंतर स्टुडिओत, तोही बऱ्याचदा दुसऱ्याच माणसाचा. तुर्कान शोरायसारख्या स्टारला आदालेत जिमजोझ नावाच्या बाईंचा आवाज असायचा. पैसा यायचा तो अदाना, इझमीर, सामसून अशा भागांच्या डिस्ट्रिब्यूटर्सकडून, ते आगाऊ रक्कम द्यायचे आणि हिरो कोण, शेवट कसा, हेही तेच सांगायचे. १९७२ साली तिथे ३०० च्या आसपास सिनेमे झाले, यावरून स्पीडचा अंदाज येईल. आणि या सगळ्याच्या वर सेन्सॉर, १९३९ च्या नियमाप्रमाणे शूटिंगच्या आधी नुसती स्क्रिप्टसुद्धा सरकारी कमिशनकडे पाठवायची, त्यात पोलिसांचा, लष्कराचा माणूस बसलेला. म्हणजे ज्याला सरकारनं ७ वर्षं आत ठेवलं त्याचंच लिखाण पहिल्यांदा सरकारच वाचणार.

तरी त्यानं काय लिहिलं बघा. १९६१ चा 'ओतोब्युस योल्जुलारी', म्हणजे बसचे प्रवासी, आयहान इशिक आणि तुर्कान शोराय असे मोठे स्टार, वरून लव्हस्टोरी, आणि आत काय तर घरांच्या नावाखाली गरिबांचे पैसे खाणारे लोक आणि त्यांच्याशी भिडणारा बस ड्रायव्हर. १९६२ मध्ये 'शेहिरदेकी याबान्जी', परदेशात शिकून कोळसा खाणीच्या गावात परत आलेला इंजिनियर. मग 'करान्लिक्ता उयानानलार', अंधारात जागे झालेले. तुर्कस्तानात संपाचा हक्क देणारा कायदा आला १९६३ मध्ये आणि पुढच्याच वर्षी ह्यानं रंगाच्या कारखान्यातल्या संपावर सिनेमा लिहिला, दिग्दर्शक एर्तेम गोरेच. संपावरचा तुर्कीतला पहिला सिनेमा. सत्तरच्या दशकात सुरेय्या दुरू या दिग्दर्शकाबरोबर 'बेद्राना' आणि 'कारा चारशाफली गेलीन', दोन्हीत खेड्यातल्या बायका आणि त्यांच्या जिवावर उठलेली इज्जत नावाची गोष्ट. नाटकं लिहिली, 'दाल्लार येशिल ओल्माली' आणि '१४१. बासामाक', यातलं १४१ म्हणजे पीनल कोडचं ते कलम ज्याखाली तिथे कम्युनिस्टांना आत टाकायचे. आणि १९७४ मध्ये, वयाच्या ५५ व्या वर्षी, पहिली कादंबरी, तिला मोठं बक्षीस. मी हे सगळं वाचत होते आणि शेजारी माझ्या लॅपटॉपवर फातमागुल पॉजवर होती.

मूळ 'फातमागुल' हा १९८६ चा सिनेमा आहे, पटकथा तुर्कालीची, दिग्दर्शक परत सुरेय्या दुरूच, हिरॉइन हुल्या अवशार. आणि ते लग्न लावून देणं हा सिरियलवाल्यांनी काढलेला ट्विस्ट नव्हे हो. तेव्हाच्या तुर्की पीनल कोडमध्ये ४३४ कलम होतं, आरोपीनं त्या मुलीशी लग्न केलं की त्याच्यावरचा खटला, शिक्षा, सगळं स्थगित. कायद्यातच लिहिलेलं! तुर्कालीनं नेमकं त्या कलमावर बोट ठेवलं आणि सिनेमाला नाव दिलं 'फातमागुलचा गुन्हा काय'. ते कलम जायला पुढे २००४ उजाडलं, तिथल्या बायकांच्या संघटना त्यासाठी लढल्या, नवीन कोड जून २००५ पासून लागू झाला. म्हणजे सिनेमानंतर जवळपास वीस वर्षं.

दुसऱ्या दिवशी अंधेरीला स्टुडिओत गेले. डबिंग डायरेक्टर आमचे सिनियर, चांगले माणूस, कामात पक्के, मी त्यांच्याकडूनच लिप मारायला, म्हणजे ओठांवर शब्द बसवायला, शिकले. बूथमध्ये फातमागुलचा आवाज देणारी मुलगी, स्टँडवर माझी स्क्रिप्ट. जबाबाचा तुकडा आला. ती बोलते, बोलायची थांबते आणि मग एक पाठमोरा शॉट, खांदे तेवढे दिसतात, ४ सेकंद, शब्द नाही. सरांनी व्हिडिओ थांबवला.

"इथे रिकामं आहे गं. ४ सेकंद आहेत, एक लाइन टाक. 'शायद मुझे उस रात घर से निकलना ही नहीं चाहिए था.' मस्त बसेल, बायका रडतील."

मी म्हटलं, "सर, ती हे बोलत नाहीये."

"अगं पाठ आहे तिची, कोणाला दिसतंय?"

"दिसण्याचं नाही सर. ती हे बोलूच शकत नाही. या गोष्टीचं नावच आहे तिचा गुन्हा काय, आणि आपण कोर्टात उभं करून तिच्याच तोंडून गुन्हा कबूल करून घेणार?"

सर म्हणाले, "तू फार विचार करतेस. आपल्याकडच्या प्रेक्षकाला असं पटतं. सहानुभूती वाढते."

टॉकबॅकचं, म्हणजे बाहेरून बूथमध्ये बोलायचं, बटण दाबलेलंच राहिलं होतं, बूथमधल्या मुलीनं सगळं ऐकलं होतं. तिकडून तिचा आवाज आला, "सर, ये सॉरी क्यों बोल रही है? इतने एपिसोड में मैंने कभी सॉरी नहीं बोला." ती त्या बाईला माझ्याइतकीच ओळखत होती, रोज तिच्या श्वासावर श्वास घेत होती ना.

सरांनी चहा सांगितला. बाहेर पॅसेजमध्ये उभं राहून मी त्यांना रात्री वाचलेलं सगळं सांगितलं, भडाभडा, जेल, सेन्सॉर, ४३४ कलम, अवशारचा सिनेमा. सांगताना माझा आवाज चढला होता हे मला कळत होतं. म्हटलं सर, ह्या माणसानं डिस्ट्रिब्यूटरला पाहिजे ते दिलं, स्टार घेतले, गाणी घेतली, सगळी तडजोड केली असेल, पण मूळ मुद्दा त्या सेन्सॉरच्या टेबलावरून पार करून नेला. आपल्यावर तर कोणी सेन्सॉर बसलेला नाही, आपल्याला कोणी सांगितलेलं नाही, आपण आपल्या मनानं का करतोय हे. आणि तो माणूस अजून जिवंत आहे सर, ९७ वं वर्ष चालू आहे त्यांना.

सर बराच वेळ काही बोलले नाहीत. मग म्हणाले, "येशिलचाममध्ये पण सगळं डबिंगवर चालायचं म्हणतेस?" मी हो म्हटलं. "मग त्यांना माहीत असणार, पाठमोऱ्या शॉटमध्ये काय काय करतात लोक."

आत जाऊन त्यांनी विचारलं, मग ४ सेकंदाचं काय करायचं. कारण नुसतं रिकामं सोडलं तर ऐकायला भोक पडल्यासारखं वाटतं, ओरिजिनल आवाजाचा ट्रॅक काढलेला असतो, त्यात श्वाससुद्धा गेलेला असतो, उरतं फक्त म्युझिक आणि इफेक्ट. म्हणून तिथे श्वास रेकॉर्ड केला. ऐकायला सोपं वाटतं, पण त्या मुलीनं माइकच्या अगदी जवळ येऊन, स्क्रीनवर खांदा वर जाईल तसा श्वास आत, खाली येईल तसा बाहेर, हुंदका न आणता. हुंदका आला की परत तीच सहानुभूती. पहिले टेक जड गेले, शेवटी सरांनी तिला खाली वाकून स्क्रिप्ट बघायची बंद करायला सांगितलं, मान सरळ झाली आणि श्वास मोकळा आला. तोच ठेवला. तसाच टेलिकास्ट झाला, कोणी काही बोललं नाही, मावशीनं फोन करून नेहमीसारखं पुढचं विचारलं.

त्याच वर्षी २९ ऑगस्टला तुर्काली यालोवामध्ये गेले. मला दुसऱ्या दिवशी कळलं, मी सरांना मेसेज केला, त्यांनी लगेच फोन केला. शेवटची कादंबरी त्यांनी २०१४ मध्ये छापली होती, ९५ व्या वर्षी. मुलगी देनिज तुर्काली नटी, मुलगा बारिश पिरहसन पटकथाकार, म्हणजे घरात ते काम चालू राहिलं. आपल्याकडे मात्र ज्या लाखो बायकांनी ही सिरियल बघितली त्यांना नाव माहीत नाही आणि याचं मला खरंच वाईट वाटतं, लेखकाचं नाव सांगायला ४ सेकंद पण लागत नाहीत.

आता माझ्या डोक्यात 'करान्लिक्ता उयानानलार' आहे. माझे वडील गिरणीत होते, १९८२ च्या संपाच्या गोष्टी ऐकत मी वाढले, आणि हा सिनेमा मी सबटायटलशिवाय बघितला तरी कारखान्याच्या गेटवरचे सीन मला एक शब्द न कळता कळले. त्याला मराठी सबटायटल करायचे आहेत. तुर्की नीट येणारं माणूस हवंय, इंग्लिशवरून नाही करायचं हे, हक्कांचं कोणाला विचारायचं तेही शोधतेय. झालं की पहिला शो परळ-लालबागमध्ये ठेवायचा, वडिलांचे जे जुने मित्र आहेत त्यांना बोलावून, सर येणार म्हणालेत.