दादाची सी-९०: डेक निर्दोष सुटला

गेल्या वेळी कॅसेट डेक उघडून ठेवला होता, तिथून पुढे. जुन्या बेल्टचं डांबर झालं होतं. पुलीवरून ते खरवडण्यात आयसोप्रोपिल अल्कोहोलची अर्धी बाटली आणि अख्खा रविवार गेला. नवा बेल्ट चढवला, पिंच रोलर (टेप पुढे ओढणारा रबरी रोलर) आणि हेड पुसलं, ३००० हर्ट्झचा एकच सूर भरलेली टेस्ट टेप लावून मोटारच्या मागच्या भोकातून वेग जुळवला. इथवर नेहमीचंच.

मग ती कॅसेट काढली. मित्राच्या रेकॉर्डवरून दादाने भरून आणलेला पिंक फ्लॉइडचा 'द डार्क साइड ऑफ द मून', १९७३ सालचा. अल्बम जेमतेम ४३ मिनिटांचा, म्हणून सी-९०च्या, म्हणजे ९० मिनिटांच्या कॅसेटच्या, एकाच बाजूत मावलेला. मी तेव्हा अकरा वर्षांचा. दादा बाहेर गेला की ऐकायचो आणि तो यायच्या आत रिवाइंड करून जागच्या जागी ठेवायचो. वर पेन्सिलने नुसतं 'चंद्र' लिहिलेलं. प्रिझमचं ते कव्हर मला कितीतरी वर्षांनी दिसलं.

त्यामुळे जे ऐकू येईल ते सगळं अल्बमचंच, अशी माझी समजूत. 'टाइम' गाण्याची घड्याळं धाडकन वाजायच्या दोन-तीन सेकंद आधी तीच घड्याळं लांबून, पुसट ऐकू यायची. काय कल्पना आहे, वाटायचं! तो निव्वळ प्रिंट-थ्रू. गुंडाळलेल्या टेपचा एक थर शेजारच्या थरावर उमटलेला. (घड्याळं मात्र खरी. अल्बमचा ध्वनिमुद्रक अ‍ॅलन पार्सन्सने एका जुन्या घड्याळांच्या दुकानात ती ध्वनिमुद्रित केली होती.) 'मनी'आधी एक जाड 'ठप्प' यायचा, मग नाण्यांचा खुळखुळाट. रेकॉर्ड उलटून सुई टेकवल्याचा तो आवाज. आजही सीडीवर तो आला नाही की मला 'मनी' मध्येच सुरू झाल्यासारखं वाटतं. त्या गाण्यात मी बोटांवर सात मात्रा मोजायचो आणि गिटारच्या सोलोत दर वेळी चुकायचो. तिथे ते चारात जातात, हे कोण सांगणार?

खरी भानगड सुराची. 'ब्रीद' ई मायनरमधलं, पण आमच्या कॅसेटवर ते ई आणि एफच्या मधेच कुठेतरी लटकलेलं. मी गिटार कॅसेटला लावायचो आणि मित्रांबरोबर वाजवायला बसलो की बेसूर ठरायचो. इतकी वर्षं खापर डेकवर फोडलं. पण आता डेक ३००० हर्ट्झला चोख असूनही सूर तेवढाच चढा!

उत्तर शेवटी सापडलं. अल्बम हृदयाच्या ठोक्यांवर संपतो, पण दादा रेकॉर्डिंग थांबवायला विसरला होता. ठोके विरले तरी सुई शेवटच्या खाचेत फिरत राहिलेली: टक… टक… टक… लहानपणी मला वाटायचं, ते हृदय अजून चालूच आहे. मिनिटाला ३३⅓ फेऱ्यांच्या रेकॉर्डवर हा टक दर १.८ सेकंदांनी यायला हवा, म्हणजे दहा फेऱ्यांना १८ सेकंद. संगणकात घेऊन मोजलं तर १७.४६ भरले. तीन टक्क्यांहून थोडं जास्त, म्हणजे अर्ध्या सेमीटोनचा फरक (ई ते एफ हा एक सेमीटोन). गडबड भरतानाच झाली. टर्नटेबल जोरात फिरत होता की तिकडचा डेक हळू, ते यावरून कळत नाही, पण दुरुस्तीचा आकडा मिळाला.

फाइल तेवढी सावकाश केली. 'ब्रीद' गिटारशी बरोब्बर जुळलं. दादाला पाठवली, तर म्हणतो, "हे काय झोपेत वाजवतायत? माझी जुनी पाठव."

दोन्ही ठेवल्यात. 'ठप्प' दोन्हींत आहे. पुढच्या वेळी बी बाजू.