वाटेवरचा हरिपाठ आणि लोणंदची समाजआरती

घरी हरिपाठ म्हणणं वेगळं आणि वारीत चालता चालता म्हणणं वेगळं. आमच्याकडे तिन्हीसांजेला दिवा लागला की आई सुरू करायची, मागे आम्ही भावंडं, सगळं तोंडपाठ, झरझर म्हटलं की वीसेक मिनिटांत मोकळे. वाटेवर तोच हरिपाठ तासभर सहज चालतो आणि तरी संपला की वाटतं एवढ्यात कसा काय संपला.

आमची दिंडी ज्ञानेश्वर माउलींच्या पालखीच्या रथामागची. पुढे पताकावाले, मग टाळकरी, मृदंग, विणेकरी बाबा आणि त्यांच्यामागे आम्ही बायका, कुणाच्या डोक्यावर तुळस तर कुणाच्या डोक्यावर पाण्याचा हंडा. दिवसभर काय म्हणायचं ते ठरलेलं असतं, त्यात कुणाची मनमानी चालत नाही. पहाटे काकडा, वाटेला लागलं की मंगलाचरण, रूपाचे अभंग, मग वासुदेव, आंधळा, पांगळा अशा नावांची रूपकं, गवळणी, त्या त्या वाराचे अभंग, आणि जेवणाचा विसावा झाला की दुपारनंतर हरिपाठ. नव्या माणसाला वाटेल एवढं बांधून कशाला ठेवायचं, पण मला हेच फार मोलाचं वाटतं, कारण पाय भरून आलेले असताना आता काय म्हणायचं याचा विचारच करावा लागत नाही, पुढची ओळ आपोआप येते आणि आपण तिच्यामागे जातो.

वाल्ह्याहून लोणंदला निघालो त्या दिवशीचं सांगते. वाटेत नीरा नदीवर माउलींच्या पादुकांना स्नान घालतात, केवढी ती गर्दी, घाटावर पाय ठेवायला जागा नाही, आणि पूल ओलांडला की पुणे जिल्हा संपून सातारा लागतो. ऊन तापलेलं, आदल्या पावसाचा चिखल सुकून रस्त्याच्या कडेला खडबडीत झालेला. अशात विणेकरी बाबांनी हरिपाठाला सुरुवात केली. आधी चाल अगदी संथ. एक चरण त्यांनी म्हणायचा, तो टाळकऱ्यांनी उचलायचा, मग आम्ही, आणि मधे मधे सगळ्यांनी मिळून 'हरि मुखे म्हणा'. मी पहिले चार-पाच अभंग नुसता गळा ताणत होते आणि दम लागत होता. शेजारच्या मावशी म्हणाल्या, "माउली, जोर नको लावू गं, पाय पडंल तसं म्हण." तसं केलं. डावा पाय पडला की टाळ, उजवा पडला की टाळ, चरण संपतो तिथेच श्वास संपतो आणि समोरचे म्हणत असतात तेवढ्यात आपला श्वास भरून होतो. कुणी बसून शोधून काढलेलं नाही हे, इतकी वर्षं इतकी माणसं चालली त्यातून ते बसत गेलं असणार असं मला वाटतं. पुढे लय वाढली, टाळकऱ्यांनी पावली धरली, दोन पावलं पुढे एक मागे, आणि रस्ता आपण चालतोय की रस्ताच आपल्याला नेतोय ते कळेना.

माझ्या पुढच्या रांगेतल्या एका टाळकरी काकांचे हात मी बराच वेळ बघत होते. टाळाची दोरी बोटांना घट्ट गुंडाळलेली, तिचे करकोचे पडून कातडी काळी आणि जाड झालेली, वय सत्तरच्या पुढे असेल, पण टाळ एकदाही चुकला नाही. विणेकरी बाबांचं तर विचारूच नका, वीणा जमिनीवर ठेवायची नसते, जेवायला बसायचं तर आधी दुसऱ्याच्या गळ्यात द्यायची आणि मगच पान वाढायचं. त्या वेळी दोघं एकमेकांच्या पाया पडतात. वयाने कोण मोठं, शिकलेलं कोण, काही नाही.

संध्याकाळी लोणंदच्या तळावर समाजआरती. ज्यांनी पाहिली नसेल त्यांनी एकदा तरी पाहावीच. सगळ्या दिंड्या पालखीभोवती उभ्या राहतात आणि हजारो टाळ एकाच वेळी वाजत असतात, 'ज्ञानोबा माउली तुकाराम' असा गजर, छातीत धडधडतं अक्षरशः. मग चोपदार दंड वर करतात आणि 'होऽऽ' म्हणतात, की सगळे टाळ बंद. माईक नाही, शिट्टी नाही, एवढा समाज जागच्या जागी गप्प. ज्या दिंडीची काही तक्रार असेल तिने मात्र टाळ वाजवत राहायचं. त्या दिवशी एक दिंडी थांबेना. चोपदार स्वतः तिथे गेले, त्यांचं ऐकून घेतलं, पाण्याचा टँकर पोचला नव्हता म्हणे, त्यावर काय करायचं ते ठरलं आणि मगच ते टाळ थांबले. मग हरवलं-सापडलं पुकारलं, कुणाचा चष्मा, कुणाची पिशवी, निघायची वेळ सांगितली, आणि मग आरती.

मला हे फार आवडलं. तहानलेल्या माणसाचं गाऱ्हाणं ऐकल्याशिवाय देवाची आरती सुरू होत नाही, आणि गाऱ्हाणं मांडायचं तेही टाळानेच, भांडण नाही, आरडाओरडा नाही. हैबतबाबा आरफळकरांनी या सोहळ्याला शिस्त लावून दिली त्याला आता दोनशे वर्षं होत आली, अजून तशीच पाळतात.

आरती झाल्यावर राहुटीत पंगत बसली, पिठलं, भाकरी आणि ठेचा. मावशींनी माझ्या टाचेच्या फोडाला हळद-तेल लावून दिलं आणि वर दटावलं की चप्पल बदल. लोणंदहून निघालं की तरडगावच्या वाटेवर चांदोबाचा लिंब, तिथे पहिलं उभं रिंगण, म्हणजे वारकऱ्यांच्या दोन रांगांमधून माउलींचे अश्व धावतात, म्हणून ज्याच्या त्याच्या तोंडी घोड्यांचाच विषय. अश्व आपल्या दिंडीजवळून जाताना त्याच्या टापांखालची माती कपाळाला लावायला मिळेल का, यावर जेवण होईपर्यंत चर्चा चालली होती.