तुम्ही विचारलंत म्हणून: सहा नंबरचं कोर्ट

दर उन्हाळ्यात अमेरिकेतून पुण्याला आले की टेनिस कोर्टाच्या जाळीपाशी कुणी ना कुणी पालक गाठतात. शेजारी बारा-तेरा वर्षांची लेक, खांद्याला रॅकेटची बॅग. आधी अमेरिकेतल्या स्कॉलरशिपची चौकशी होते, मग जरा आवाज खाली येतो. "मॅडम, एवढं खेळलात, मग प्रो का नाही झालात? कोचिंगकडे का वळलात?" तुम्ही विचारलंत म्हणून सांगते.

प्रो होण्याइतका माझा खेळ नव्हता. ते मला विसाव्या वर्षीच कळलं होतं, त्यात सांगण्यासारखं फार नाही. कोच का झाले, ते सांगायला मात्र वेळ लागेल.

आपल्याकडे टेनिस एकटीने खेळायचं असतं. स्पर्धेला मी आणि आई, हरले की परतीच्या गाडीत दोघी गप्प. अमेरिकेत कॉलेजच्या संघात गेले आणि खेळच बदलला. दोन विद्यापीठांची लढत असते. आधी डबल्सच्या तीन मॅच, त्यांतल्या दोन जिंकणाऱ्या संघाला मिळून एकच गुण. मग सहा कोर्टांवर सहा सिंगल्स, प्रत्येकी एक गुण. आधी चार गुण करेल तो संघ जिंकला. ड्यूसला, म्हणजे ४०-४० झाल्यावर, अ‍ॅडव्हांटेज नाही, एकाच पॉइंटवर गेम. संघातली सगळ्यात भारी मुलगी एक नंबरवर, सिंगल्समधली शेवटची सहा नंबरवर. पण एक नंबरच्या मुलीचा गुण आणि सहा नंबरच्या मुलीचा गुण, दोन्ही सारखेच.

मी सहा नंबरवर होते. घरी फोनवर सांगताना ते सांगायचं टाळायचे.

तिसऱ्या वर्षी मार्चमध्ये एका लढतीत ३-३ झालं आणि चालू राहिलेलं एकमेव कोर्ट माझं. बाकीच्या सगळ्या जणी जाळीला येऊन चिकटल्या. कॉलेजच्या मॅचमध्ये कोचला खेळाडूशी बोलता येतं. साइड बदलताना आमच्या असिस्टंट कोच बाकावर माझ्याशेजारी येऊन बसल्या. त्या स्वतः कॉलेजात पाच नंबरवर खेळलेल्या. माझा हात थरथरत होता. त्यांनी रॅकेट काढून घेतली, ग्रिपची सुटलेली पट्टी घट्ट गुंडाळली आणि एवढंच म्हणाल्या, "दुसरी सर्व्हिस ती सारखी बॅकहँडला टाकतेय. अर्धं पाऊल आत ये."

मी आत गेले. तरी तिसरा सेट ५-७ हरले, आणि संघही हरला. परतताना व्हॅनमध्ये त्यांनी वही उघडून माझ्या मांडीवर ठेवली. त्या सेटमधली समोरच्या मुलीची प्रत्येक दुसरी सर्व्हिस कुठे पडली, त्यावर माझा रिटर्न कुठे गेला, सगळं पेन्सिलीने टिपलेलं. पाऊल आत टाकल्यानंतरचे रिटर्न बहुतेक खोल पडले होते. मी खेळत असताना कुणीतरी इतकं नीट बघत होतं. मला असं बघता यायला हवं होतं. कोचिंग तिथून सुरू झालं.

अमेरिकेत १९७२ साली टायटल नाइन हा शिक्षणात मुलगा-मुलगी भेदभावाला बंदी घालणारा कायदा आला, त्यामुळे मुलींच्या खेळांत पैसा आला. माझ्या वेळी कॉलेज खेळांतल्या पहिल्या श्रेणीच्या (डिव्हिजन वन) विद्यापीठाला मुलींच्या टेनिससाठी आठ स्कॉलरशिप देता यायच्या, मुलांसाठी साडेचार. पण पैशाबरोबर पगारही वाढले आणि कोचच्या खुर्चीवर पुरुष आले. कायद्याआधी कॉलेजांतल्या मुलींच्या संघांना शिकवणाऱ्यांत ९० टक्क्यांहून जास्त बायका होत्या, आज त्या निम्म्याहूनही कमी आहेत. हे मला मनापासून खुपतं. त्या दिवशी बाकावर शेजारी येऊन बसणारी बाई होती, स्वतः त्या कोर्टावर उभी राहिलेली होती, याने मला फरक पडला.

कॉलेजला गेली म्हणजे खेळ संपला, असंही समजू नका. डॅनिएल कॉलिन्स दोनदा कॉलेजची राष्ट्रीय विजेती झाली आणि २०२२ मध्ये तिने ऑस्ट्रेलियन ओपनची अंतिम फेरी गाठली. आपली ऋतुजा भोसले टेक्सास ए अँड एमकडून खेळली आणि २०२३ मध्ये हांगझोच्या आशियाई स्पर्धेत रोहन बोपण्णाबरोबर मिश्र दुहेरीचं सुवर्ण घेऊन आली.

मी मात्र कॉलेजच्या मुलींची कोच. रात्री रॅकेटला गटिंग करते, म्हणजे तारा बसवते, पहाटे मुलींना जिममध्ये नेते, मॅचला निघालं की व्हॅन चालवते. आणि लढत सुरू झाली की वही घेऊन आधी सहा नंबरच्या कोर्टामागे जाते.

काल तुमच्या लेकीचा सराव बघत होते. दुसऱ्या सर्व्हिसला तिचा टॉस डोक्यामागे जातो, म्हणून कंबर वाकते. उद्या सकाळी सहाला पाठवा तिला.